थांबून म्हणायचं गाणं

हेमा पेंडसे आधी माणसांना बोलतं करायची आणि मग घरी येऊन त्यांचं गप्प बसणं कापून टाकायची. याला माहितीपट बनवणं म्हणतात. माणूस बोलता बोलता थांबतो, छताकडे बघतो, "काय बरं त्याचं नाव" म्हणत चष्मा पुसतो. ते सगळं संगणकावर कचाकच कापायचं आणि उरलेलं असं काही जोडायचं की बघणाऱ्याला वाटावं, काय धडाधड आठवतंय हो यांना! या कापाकापीत हेमाचा हात धरणारं पुण्यात कुणी नव्हतं.

टांगेवाले, सनईवाले, सिनेमाचे बोर्ड रंगवणारे, सगळ्यांना तिनं टेपवर धरून ठेवलं होतं. एखादी गोष्ट शेवटचे आचके देऊ लागली की हेमा तिथं हजर. नारायण पेठेतले तिचे शेजारी म्हणायचे, हेमाबाई कॅमेरा घेऊन दारात आल्या की समजावं, आपलं आता आटपलंच. म्हणून पुन्हा वर, चहा घेणार का, असंही विचारायचे. हेमा हसायची, नको म्हणायची आणि तिसऱ्या मजल्यावरच्या आपल्या दोन खोल्यांत जाऊन कुलूप उघडायची. आत कुणी नसायचं. शेल्फभर टेपा असायच्या, आणि त्या मात्र एकजात बडबड्या.

तेव्हा सगळं पुणं हिंजवडीकडे तोंड करून बसलं होतं. हेमाचा कॅमेरामन गंधारसुद्धा एका सॉफ्टवेअर कंपनीत गेला. ट्रेनिंगचे व्हिडिओ काढायचे, न्यायला-सोडायला गाडी, वर एसी. जाताना तो म्हणाला होता की वीकेंडला येत जाईन, ताई. हेमानं त्याला मनापासून पेढे दिले आणि वीकेंडला तो येणार नाही हेही मनापासून ओळखलं. तेव्हापासून कॅमेरा तिचा, माइक तिचा, स्टँड तिचं आणि ते सगळं स्कूटरवर बांधणारे हातही तिचेच.

अशीच एकटी लटांबर घेऊन ती वारज्याला मथुराबाईंकडे गेली होती. गणपतीत पूर्वी मेळे असत. आळीतली पोरंपोरी एकसारखे कपडे घालून चौकाचौकात जायची, गाणी म्हणायची, संवाद करायची, लोक ऐकायला दाटी करायचे. मेळे बंद पडले, पोरी आज्या झाल्या. मथुराबाई चंद्रोदय मेळ्यातल्या. मुलगा अमेरिकेत, वारज्याचा फ्लॅट त्यानं घेऊन दिलेला, नवाकोरा, इतका की बाल्कनीतून हायवे आणि हायवेपलीकडे निव्वळ माळ. मथुराबाई कॅमेऱ्यासमोर ताठ बसल्या, आणि वयाला न शोभणाऱ्या खणखणीत आवाजात त्यांनी सवाल टाकला.

सांग सये गं, सात भाऊ ते कुठल्या गावी राहती?

आणि गप्प बसल्या. समोर बघत, मांडीवर हात ठेवून, अगदी निवांत. हेमा वाट बघत राहिली. मग त्यांनी दुसरा सवाल टाकला. पुन्हा गप्प. असे सगळे सवाल झाल्यावर हेमानं न राहवून विचारलं, मावशी, आणि जबाब?

"ते माझं काम नाही," मथुराबाई म्हणाल्या. "मास्तरांनी सवाल मला शिकवले, जबाब कौशीला."

पण ऐकून पाठ झालेच असतील की, असं हेमा म्हणाली. तर मथुराबाईंनी तिच्याकडे अशी नजर टाकली, जशी दुसऱ्याच्या ताटातलं उचलून खायला सांगणाऱ्याकडे टाकावी. कौशी कुठं असते? ते त्यांना माहीत नव्हतं. लग्न होऊन सोलापुराकडे गेली, एवढंच. हेमानं सामान आवरलं. मथुराबाई दारापर्यंत आल्या आणि कौशी सापडली तर मला सांगा हो, असं म्हणाल्या. येते म्हणून हेमा निघाली.

आता घरी येऊन हेमानं काय केलं, ते नीट सांगायला हवं, कारण गोष्टीची सगळी गाठ तिथंच आहे. तिच्या संगणकाची हार्ड डिस्क काठोकाठ भरली होती. तिनं हिशेब केला की कौशल्या सापडली तर सवालानंतर तिचा जबाब जोडायचा, मग मधल्या गप्प बसण्याचं काम काय? सवाल ठेवले, मधलं सगळं कापलं. प्रत्येक सवाल संपला की आवाजाच्या रेघेवर एक टोकदार शेंडा दिसत होता, काहीतरी आपटल्यासारखा. चौकटीत नुसता चेहरा होता आणि शूटिंग करताना हेमाची नजर त्या चौकटीतच, म्हणून तिला वाटलं, खुर्ची वाजली असेल. तेही कापलं. सवालाला सवाल चिकटवून ठेवला. आणि नवी टेप आणायची कशाला म्हणून त्याच टेपवर मार्केट यार्डातल्या हमालांचं शूटिंग करून टाकलं.

श्रावणात मथुराबाई गेल्या. हेमाला ते पेपरमधल्या चौकटीतून कळलं. फोटोत त्या तशाच ताठ होत्या.

हेमानं मग कौशल्येला शोधायचा धोशाच लावला. पेपरात छोटी जाहिरात दिली: चंद्रोदय मेळ्यात काम केलेल्यांनी कृपया संपर्क साधावा. चार दिवस फोन आले ते भलतेच. एकानं विचारलं, मेळा म्हणजे सेल आहे का? एका आजोबांनी त्यांच्या मेळ्यापुढे चंद्रोदय कसा फालतू होता हे अर्धा तास सांगितलं. आणि पाचव्या दिवशी दुपारी एक बारीक, कापरा आवाज आला.

"मी जबाबवाली बोलतेय," तो आवाज म्हणाला. "आधी मथीचा नंबर द्या."

मथुराबाई गेल्याचं हेमाला सांगावं लागलं. मग आवाजानं पत्ता सांगितला. कात्रज. मुलानं फ्लॅट घेऊन दिलाय, तो सॅन होजेला असतो, पाच वर्षं झाली इथं येऊन. टिपता टिपता हेमानं पेन खाली ठेवलं. कात्रजवरून निघालेला बायपास थेट वारज्यावरून जातो. दोन्ही बाल्कन्यांतून एकच रस्ता दिसत होता. पाच वर्षं दोघी तेच ट्रक बघत होत्या, एक आधी आणि दुसरी थोड्या वेळानं!

हेमा कात्रजला गेली ती कॅमेऱ्यासकट, आणि पर्समध्ये मथुराबाईंच्या सवालांची सीडी घेऊन. कौशल्याबाई चणीनं लहान, केस पांढरेशुभ्र, आणि बोलण्यात सोलापूर पुसट होऊन पुणं पुन्हा वर आलेलं. कॅमेऱ्याच्या पिशवीकडे त्यांनी बघितलंसुद्धा नाही. मुलानं पाठवलेला सीडी प्लेअर पुसून तयार ठेवला होता. खुर्चीच्या टोकाशी बसल्या, पदर सारखा केला. स्टेजवर चढायच्या आधी करतात तसा.

"लावा."

सांग सये गं, सात भाऊ ते कुठल्या गावी राहती? मथुराबाईंचा आवाज खोलीभर झाला. कौशल्याबाईंचे डोळे भरले आणि त्याच क्षणी त्या हसल्याही. श्वास घेतला, तोंड उघडलं, "पुण्यात रा..."

पाय नसुनी रस्त्यामधुनी रोज कोण गं धावे? प्लेअरनं पुढचा सवाल टाकला होता.

कौशल्याबाई गोंधळल्या. पहिला जबाब टाकून दुसऱ्यावर आल्या. "कात्रजचे गं पाणी बा..." तोवर तिसरा. त्या प्लेअरकडे बघू लागल्या, जसं एखाद्या माणसाकडे बघावं. मग उठल्या आणि त्यांनी भिंतीवरचं बटण बंद केलं.

"थांबतच नाही ती," त्या म्हणाल्या.

हेमा काही बोलायच्या आत त्याच बोलत गेल्या. मेळ्याच्या शेवटच्या रात्री, मोठ्या चौकात, कौशल्या गेलीच नव्हती. घरी तिला बघायला मंडळी आली होती. वडील म्हणाले, नाचगाणी पुरे. निरोप द्यायलासुद्धा कुणाला पाठवलं नाही. मथुरा स्टेजवर एकटी उभी राहिली. तिनं सवाल टाकला, टाळी दिली आणि थांबली. टाळी दिल्याशिवाय जबाब नाही आणि जबाब आल्याशिवाय पुढचा सवाल नाही, असा मास्तरांचा कायदा. ती थांबलीच. शेवटी गर्दीतला कुणी टवाळ ओरडला, भाऊ झोपले गं, तू पण जा! अख्खा चौक हसला. हे सगळं कौशल्येला नंतर भावाकडून कळलं. महिन्याभरात तिचं लग्न झालं.

"मी पत्र लिहिणार होते," कौशल्याबाई म्हणाल्या. "काय लिहायचं? मला बघायला आले होते म्हणून? तेव्हा ती थांबली माझ्यासाठी, लोक हसेपर्यंत. आता नाही थांबली. टाळीसुद्धा दिली नाही. बरोबरच आहे तिचं."

हेमानं घाईघाईनं सांगितलं की असं नाही हो, मावशी, मधली जागा मी कापली, मथुराबाई थांबल्या होत्या, प्रत्येक सवालानंतर थांबल्या होत्या, मी समोर बसले होते. कौशल्याबाईंनी शांतपणे ऐकून घेतलं.

"तुम्ही चांगल्या आहात," त्या म्हणाल्या. "म्हाताऱ्या माणसाला बरं वाटावं म्हणून बोलताय. कुणी कशाला कापेल थांबलेलं?"

कॅमेरा पिशवीतून बाहेरही न काढता हेमा परत आली.

घरी येऊन तिनं सगळ्या टेपा जमिनीवर पसरल्या. वेडी आशा होती की ती टेप वेगळी असेल, हमाल दुसऱ्याच टेपवर असतील. नव्हते. वारजे असं लिहिलेलं खोडून तिच्याच अक्षरात मार्केट यार्ड लिहिलेलं होतं. टेप लावली तर हमाल पाठीवर पोती घेऊन चाललेत, चाललेत, संपतच नाहीत. मथुराबाईंच्या थांबण्यावरून माणसं पोती वाहत होती. तिनं गंधारला फोन लावला. वारज्याचं काही कॉपी करून ठेवलं होतंस का रे?

"ताई, मी तेव्हा ऑलरेडी जॉईन झालो होतो," गंधार म्हणाला. "कॉलवर आहे गं, नंतर बोलू?"

नंतर म्हणजे कधी, हे दोघांनीही विचारलं नाही.

हेमा खूप वेळ तशीच टेपांमध्ये बसली. एवढी माणसं तिनं शूट केली, तासच्या तास, आणि त्यांतलं एकही तिच्याशी बोललं नव्हतं. सगळी कॅमेऱ्याशी बोलली होती. तिच्या वाट्याला जे येत होतं ते मधलं गप्प बसणं, चष्मा पुसणं, घोटभर पाणी पिणं. तेवढंच काय ते तिच्यासमोर केलेलं होतं. आणि तेच ती इतकी वर्षं फेकून देत आली होती.

मग तिनं ती सीडी स्वतः लावली. खरं सांगायचं तर तयार केल्यापासून तिनं ती शेवटपर्यंत ऐकलीच नव्हती. आपलं कापलेलं आपल्याला पाठच असतं, ही घमेंड. सवालामागून सवाल धावत गेले आणि शेवटचा आला: सांग सये गं, साऱ्या पेठा पाहुन कोठे जावे? शेवटचा सवाल. त्याच्यापुढे चिकटवायला काही नव्हतं. म्हणून तिथं तिनं कापायची घाई केली नव्हती.

ठप्प.

स्वच्छ, कोरडी टाळी. आणि टाळीनंतर बांगड्या खाली सरकल्याचा आवाज, एक श्वास, लांबवर हायवेवरचा ट्रक. मग संपलं.

हेमा दुसऱ्या दिवशी सकाळीच कात्रजला पोचली. कौशल्याबाईंनी दार उघडलं, पण आत या म्हणाल्या नाहीत. काल ऐकलं तेवढं पुरे झालं, असं त्यांचं म्हणणं पडलं. हेमानं दारातूनच विनवलं, फक्त शेवटचा सवाल, त्यापुढे काही नाही. शेवटी त्यांनी दार मोकळं सोडलं आणि स्वतः खिडकीशी जाऊन पाठमोऱ्या उभ्या राहिल्या. हेमानं सीडी लावली.

टाळी वाजली. पाठमोऱ्या कौशल्याबाईंचे खांदे हलले.

"पुन्हा," त्या म्हणाल्या.

हेमानं पुन्हा लावलं. मग पुन्हा. गाणं त्यांना नकोच होतं, टाळी आणि तिच्यामागचं ते एवढंसं काही हवं होतं. किती वेळा लावलं कोण जाणे! दूधवाला येऊन गेला, इस्त्रीवाला येऊन गेला. शेवटी त्या वळल्या. चेहरा धुतल्यासारखा झाला होता.

"डावा हात वर, उजवा खाली," त्या म्हणाल्या. "मथीची टाळी अशी उलटी. मास्तर ओरडायचे तिला. अजून तशीच देत होती, बघा."

मग त्या एकदम कामाला लागल्या. त्यांची अट होती, आणि अट सांगताना त्या जबाबवाल्या बाईच्या पुऱ्या रुबाबात होत्या. कॅमेऱ्यासमोर जबाब म्हणेन. पण आधी मला मथी नीट करून द्या. थांबणारी. प्रत्येक सवालानंतर हीच टाळी लावा आणि पुढे माझ्या जबाबापुरती जागा सोडा. मी रोज म्हणेन तिच्याबरोबर. गळा पुन्हा तयार झाला की मग तुमचं शूटिंग. तोवर तो डबा पिशवीतच राहू दे. जबाब किती लांबीचे ते हेमाला कळावं म्हणून त्यांनी सगळे जबाब ओठातल्या ओठात म्हटले, आवाज न करता, आणि एकेक संपला की बोट उचललं.

हेमाला वाटलं, हे तर सोपं काम. संगणकावर सवाल लांब लांब सरकवायचे, मधे मोकळी जागा. तिनं केलंही. आणि ऐकलं तर अंगावर काटा आला. मोकळ्या जागेत काहीच नव्हतं. काहीच नव्हतं म्हणजे अगदी काही नाही, जसं मशीन बंद पडावं. मथुराबाई सवाल विचारायच्या आणि मरायच्या. पुन्हा उठून सवाल विचारायच्या, पुन्हा मरायच्या. माणूस थांबतो तेव्हा खोली चालू असते. पंखा फिरतो, बाहेर कुणी जातं, भिंतीसुद्धा काहीतरी करत असतात. त्या जागेत एखादी खोली घालायला हवी होती. वारज्याचा फ्लॅट मुलानं अमेरिकेतून विकूनही टाकला होता.

राहता राहिली हेमाची स्वतःची खोली.

तिनं माइक टेबलावर ठेवला, खिडक्या लावल्या आणि खुर्चीत बसली. नारायण पेठेत शांतता मिळवणं म्हणजे काय खाऊ आहे! रेकॉर्डिंग सुरू केलं की खाली कुणीतरी स्कूटरला किक मारणार. ते थांबलं की भंगारवाला. तो गेला की समोरच्या गॅलरीतून कुणीतरी ओरडून सांगणार की कुकरच्या तीन झाल्या. पण दुपारी एक वाजला, दुकानांची शटरं धडाधड खाली आली, आणि ज्या गोष्टीवरून सगळा महाराष्ट्र पुणेकरांना हसतो ती पेठेवर उतरली. अख्खी पेठ वामकुक्षीला गेली. हेमानं बटण दाबलं.

ती हालली नाही. पंखा फिरत होता. मांडीवर हात ठेवून, समोर बघत, ती मथुराबाई बसल्या होत्या तशी बसली. आपण कुणाची तरी वाट बघतोय असं मनात आणायचं, म्हणजे थांबणं खरं वाटेल, असं तिनं ठरवलं होतं. पण कुणाची बघायची, हे काही तिला सुचेना. गंधारची? तो कॉलवर. नावं एकेक करून संपली. तेव्हा तिनं आवंढा गिळला. तो माइकमध्ये गेला हे तिला कळलं, पण पुन्हा सगळं मांडायचा धीर उरला नव्हता. तीच शांतता तिनं कापून सवालांमध्ये भरली, आणि सीडी कात्रजला कुरियर केली.

दोन दिवसांनी, पेठ अशीच निजलेली असताना, फोन आला.

"पोचली," कौशल्याबाई म्हणाल्या. "थांबते आता. छान थांबते. पण एक विचारायचंय. तिसऱ्या सवालानंतर कुणीतरी आवंढा गिळलाय. मथी का ती?"

हो म्हणणं अगदी सोपं होतं. हो म्हटलं असतं तर कात्रजच्या त्या फ्लॅटमध्ये दिवाळी झाली असती.

"नाही, मावशी," हेमा म्हणाली. "मी आहे ती. जागा माझ्या खोलीतली आहे. टाळी तेवढी त्यांची."

पलीकडे शांतता पसरली. हेमानं ती भरायचा प्रयत्न केला नाही.

"तरीच," कौशल्याबाई म्हणाल्या. "मथी मधेच आवंढा गिळणाऱ्यातली नव्हती." मग थोड्या वेळानं, "तुम्ही एकट्याच असता का तिथं?"

हो, हेमा म्हणाली.

"हं. वाटलंच ऐकून." आणि लगेच आवाज नेहमीसारखा कोरडा झाला. "मंगळवारी या. तुमचा तो डबा आणा. ठेवते आता, मला बसायचंय म्हणायला."

पण फोन नीट ठेवला गेला नाही. रिसीव्हर कुठंतरी बाजूला पडला असावा. हेमाला चपला घासत गेल्याचं ऐकू आलं, खुर्ची सरकली, प्लेअरचं झाकण बंद झालं. आणि मग लांबून, विहिरीच्या तळातून यावा तसा, मथुराबाईंचा सवाल आला. टाळी वाजली.

पुण्यात राहती, पेठा होऊन, वार जयांना म्हणती. कापरा, बारीक आवाज. पहिल्यांदा थोडा खाली लागला, मग सावरला. त्याच्या मागं हेमाच्या खोलीतला पंखा फिरत होता.

हेमानं श्वास रोखला, मग उगीच रोखलाय हे लक्षात येऊन सोडून दिला. दुसरा सवाल आला. कात्रजचे गं पाणी, बाई, हौदोहौदी ते जावे. तिसऱ्या सवालानंतर जबाब सुरू व्हायच्या आत तिनं स्वतःचा आवंढा ऐकला, आणि कौशल्याबाई त्याच्यासाठीसुद्धा किंचित थांबल्या. मग त्यांनी जबाब दिला. खाली रस्त्यावर चारची पहिली शटरं वर जायला लागली, कुणीतरी स्कूटरला किक मारली. हेमानं रिसीव्हर कानाशी घट्ट धरला, दुसरा कान हातानं झाकून घेतला आणि पुढच्या सवालाची वाट बघत उभी राहिली.